चिकटलेला कौल

माझ्या आईला दुष्काळी मुलखाची ओढ लागली होती, असं सांगितलं की लोक हसायचे. पण ते खरं होतं. कॅनडातल्या केंब्रिजमधल्या आमच्या घरामागे मेपलची झाडं, पुढे लॉन, दोन गल्ल्या ओलांडल्या की नदी. आई खिडकीपाशी बसून म्हणायची, "किती गं हे हिरवं! डोळं दमत्यात माझं." तिचं सगळं आयुष्य माण तालुक्यात गेलेलं. उघडे माळ, मुरूम, निवडुंग आणि क्षितिजापर्यंत एक झाड नाही असा तो मुलूख. रोजगार हमीच्या कामावर खडी फोडून तिने मला शिकवलं. आमच्या घराण्यात कॉलेजची पायरी चढलेली मी पहिली, आणि हे मी कुणी विचारलं नाही तरी सांगते. इंजिनियर झाले, इथल्या कारच्या प्लांटमध्ये क्वालिटीला लागले, आणि दादा, म्हणजे माझे वडील, गेल्यावर आईला कायमची माझ्याकडे आणली. वाटलं, आता हिला सुखात ठेवायचं.

ती आली आणि काही वर्षांत तिच्या किडन्या गेल्या. एक दिवसाआड डायलिसिस सुरू झालं. खुर्चीत बसायचं, हातातल्या नळीतून रक्त मशीनमध्ये जायचं, साफ होऊन परत यायचं, त्यात अर्धा दिवस जायचा. पाणीसुद्धा मोजून प्यायचं. त्यावर आई म्हणाली, "जलमभर पाणी मोजूनच प्याले. आता डाक्टरबी त्येच सांगतोय, त्याला माझं गाव म्हाईत असंल." ती हसली, मला हसू आलं नाही. कारण त्याच भेटीत डॉक्टरांनी दुसरीही गोष्ट सांगितली होती. हृदय अशक्त आहे, इंडियाच्या प्रवासाचा विचार सोडून द्या.

आईने ते ऐकून घेतलं. रडली नाही, तक्रार केली नाही. फक्त काही दिवसांनी एकदा म्हणाली, "गाव न्हाई तर न्हाई. पण मराच्या आधी एकदा कोरडी जिमीन बघाया मिळाली असती, तर बरं झालं असतं." आणि लगेच भाजी निवडायला लागली, जणू काही बोललीच नाही.

मंदी नुकतीच सरत होती, तेव्हाचा हा उन्हाळा. मी कामाला लागले. कॅनडातच, पश्चिमेकडच्या अल्बर्टा प्रांताच्या आग्नेय कोपऱ्यात अगदी वाळवंटासारखा पट्टा आहे, उघडे डोंगर, धूळ, निवडुंगसुद्धा, हे मला नवऱ्याने दाखवलं. डॉक्टर देशातल्या देशात विमानाला हो म्हणाले. कॅल्गरीपर्यंत विमान, तिथून भाड्याची कॅम्परव्हॅन, असं ठरलं. व्हॅन अशासाठी, की डायलिसिसनंतर आईला आडवं व्हावं लागायचं, आणि रस्त्यातल्या हॉटेलांपेक्षा आपल्या हातचं जेवण आणि जवळच वॉशरूम बरं. नवरा म्हणाला, "आई, चालतंफिरतं घर घेतोय तुमच्यासाठी. बेडरूम, किचन, सगळं." आई म्हणाली, "जावईबापू, म्हंजी आमचं बिऱ्हाड पाठीवर. मेंढरं तेवढी राहिली." आमची सई तेव्हा अकरा वर्षांची. ती म्हणाली, "आजी, आय विल बी द मेंढरं," आणि स्वयंपाकघरभर बें बें करत फिरली.

सगळं जमलं आणि एका गोष्टीवर अडलं. कॅल्गरीच्या हॉस्पिटलने पोचल्याच्या दिवशी आईला डायलिसिसची एक खुर्ची दिली. पण दुसरी खुर्ची त्या कोरड्या मुलखाजवळ मिळाली नाही, तर दिवसाआड कॅल्गरीलाच परतावं लागणार. जायला एक दिवस, यायला एक दिवस, बघायला दिवसच उरत नव्हता. त्या पट्ट्यातल्या लहानलहान गावांच्या हॉस्पिटलांना मी लंच ब्रेकमध्ये, पार्किंग लॉटमधून, फोन करत सुटले. सगळीकडे एकच उत्तर. उन्हाळा आहे, आमचेच पेशंट मावत नाहीत. एका गावातली मार्लीन नावाची नर्स जरा बोलकी होती. तिने विचारलं, "टूरिस्ट तर डोंगरांकडे जातात, इकडे कशाला?" मी सांगितलं, "माझी आई अशाच जमिनीत वाढली. तिला घरी जाता येत नाही. घरासारखं काहीतरी दाखवायचंय." तिने माझं नाव आणि नंबर लिहून घेतला. मग ती म्हणाली, "आय अॅम सो सॉरी. खुर्ची खरंच नाहीये."

आता देवाचं सांगते. आमचं दैवत म्हसवडचा सिद्धनाथ. त्याचा चांदीच्या पत्र्यावर उठवलेला टाक आईने गावाहून पदरात बांधून आणला होता. आमच्यात कौल लावतात. देवाच्या उजव्या-डाव्या अंगाला एकेक पाकळी ओली करून लावायची आणि मनातलं विचारायचं. उजवी आधी पडली तर हो, डावी पडली तर नाही. आईने माझ्या इंटरव्ह्यूसाठी कौल लावला होता, सईच्या तापासाठी लावला होता. मी म्हटलं, "आता ट्रिपसाठी लाव." तर म्हणाली, "माझ्या हौसंसाठी देवाला तसदी? मी न्हाई लावायची."

माझा या गोष्टींवर विश्वास अर्धामुर्धाच होता. पण त्या दिवशी शेवटच्या हॉस्पिटलकडूनही नकार आला आणि माझ्यापुढे फोन करायला नंबरच उरला नाही. आई सकाळची डायलिसिसला गेलेली. मी डेकवरच्या कुंडीतल्या झेंडूच्या दोन पाकळ्या तोडल्या आणि देवघरापुढे बसले. पाकळी लावल्यालावल्या घसरली तर तो कौल कसला, असं माझ्या डोक्यात. म्हणून नुसतं पाणी न लावता अष्टगंधाचा चांगला जाड लेप केला आणि त्यावर पाकळ्या बसवल्या. हात जोडले, पण विचारायचं काय ते नीट सुचेना. शेवटी एवढंच म्हणाले, "बाबा, माझ्याकडून होतं तेवढं केलं. आता तुझं तू बघ." बराच वेळ बसले. एकही पाकळी हलली नाही.

आई घरी आली, देवघरात डोकावली आणि तिला थकव्यातही हसू आवरेना. "अगं इंजिनियर बाय, देवाला गिलावा केलास व्हय? आता ह्यो कौल पडतोय कवा?"

"मग काढून टाकू का?"

"हां! हात लावायचा न्हाई. इच्यारलंयस नव्हं? मग आता त्येला सवडीनं सांगू दे."

अष्टगंध वाळलं आणि पाकळ्या टाकाला घट्ट चिकटून बसल्या. आई रोज त्यांना धक्का न लावता बाजूने पूजा करायची. मी ऑफिसला जाताना बघायची, आल्यावर बघायची. सई म्हणायची, "मॉम, जस्ट ब्लो ऑन इट." व्हॅनचं बुकिंग रद्द करायची मुदत जवळ आली. आदल्या दिवशी मी मनाशी ठरवलं, उद्या फोन करून रद्द करू. आईला सांगायचं कसं, तेवढंच सुचत नव्हतं.

दुसऱ्या दिवशी मी मीटिंगमध्ये होते आणि फोन वाजला. मार्लीन. तिने आमची गोष्ट तिच्या युनिटमध्ये सहज, गप्पा मारतामारता सांगितली होती. तिथे एक म्हातारा शेतकरी पेशंट होता, जन्म त्याच कोरड्या जमिनीत गेलेला. ती सोडून मुलं शहरात गेली, शेजारी गेले. तो मशीनला जोडलेला, डोळे मिटून पडलेला ऐकत होता. म्हणाला, "आमची ही जमीन बघायला कुणी इतक्या लांबून येतंय? त्या बाईंना माझी खुर्ची द्या." त्या एका दिवसापुरता तो स्वतः दूरच्या शहरात जाऊन डायलिसिस करून येणार होता. सगळी व्यवस्था मार्लीनने लावून ठेवली होती.

"त्यांचं नाव काय? मला थँक यू म्हणायचंय."

"ते मला सांगता येणार नाही, हनी," ती म्हणाली. "तुम्ही फक्त या."

मी वॉशरूममध्ये जाऊन दार लावून रडले. बाहेर आले तेव्हा कलीग विचारत होती, "यू ओके?" मी म्हटलं, "व्हेरी ओके."

घरी येऊन आधी देवघरात गेले. पाकळ्या जशाच्या तशा. मी आईला सगळं सांगितलं, आणि त्याचं नाव सांगत नाहीत, हेही सांगितलं. ती टाकाकडे बघत राहिली. मग म्हणाली, "नाव कशाला पायजे? ज्याचं काम त्यानं केलं." आणि मला जवळ घेऊन, "कौल पडंना म्हणून देवानं फोन केला म्हणायचा."

निघताना देवाला एकटं कसं ठेवायचं म्हणून तिने टाक चिकटलेल्या पाकळ्यांसकट एका फडक्यात गुंडाळला आणि पदरात बांधला.

त्या गावच्या युनिटमध्ये आई त्याच्या खुर्चीत बसली. डायलिसिसमध्ये थंडी वाजते हे त्यालाही ठाऊक होतं. खुर्चीवर तो त्याचं जाड लोकरी पांघरूण घडी करून ठेवून गेला होता. मार्लीनने ते आईच्या पायांवर घातलं. आई मशीन चालू असेपर्यंत त्यावर हात फिरवत होती. उठताना तिने मला व्हॅनमधून तिची वाकळ आणायला लावली. आजीच्या, मावशीच्या, माझ्या जुन्या लुगड्या-फ्रॉकांची, तिने स्वतः शिवलेली. ती खुर्चीवर ठेवून म्हणाली, "सांग त्या नर्सबाईला, ही त्या खुर्चीवाल्यांची. गार वाजलं तर घ्या म्हणावं." मार्लीनला मी ते इंग्लिशमध्ये सांगितलं. तिने वाकळ छातीशी धरली.

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही व्हॅन एका उघड्या माळावर उभी केली. समोर पट्ट्यापट्ट्यांचे भुंडे डोंगर, पांढरट माती, मधे कुठेही झाड नाही. नवऱ्याने फोल्डिंगची खुर्ची मांडली, आईला हात धरून बसवलं. ती बराच वेळ नुसती बघत होती. मग वाकून चिमूटभर माती उचलली, हुंगली. "वास येगळा हाय," म्हणाली. आणि थोड्या वेळाने, "पर ऊन त्येच हाय." सई ओरडत आली, "आजी, कॅक्टस! विथ फ्लॉवर्स!" खरंच जमिनीलगत निवडुंग होतं, त्यावर पिवळी फुलं. आईने चप्पल काढून पाय मातीत टेकवले आणि मोठ्याने हसली. तिचं ते हसू मी गाव सोडल्यापासून ऐकलं नव्हतं.

मग तिने पदराची गाठ सोडून देवाला ऊन दाखवायला फडकं उघडलं. टाक स्वच्छ होता. अष्टगंध सुकून त्याचे पापुद्रे झाले होते आणि दोन्ही पाकळ्या फडक्यात सुट्या पडल्या होत्या. कोरड्या हवेने सुटल्या असतील, व्हॅनच्या धक्क्यांनी सुटल्या असतील. उजवी कुठली, डावी कुठली, आधी कुठली, काही कळायला मार्ग नव्हता.

"आई, मग कौल काय धरायचा?"

तिने पाकळ्या उचलून डोळ्यांना लावल्या आणि त्या मातीवर ठेवल्या. "आता काय इच्यारतीस? आपण हितं बसलोय न्हवं?"

आई त्यानंतर दोन हिवाळे होती. त्या माणसाचं नाव मला आजही माहीत नाही. रोज दिवा लावताना त्याच्यासाठी हात जोडते, नाव न घेता. सिद्धनाथाचा टाक आता माझ्या देवघरात आहे. आयुष्यात अडचणी येतात, मी जमेल तेवढे फोन करते, जमेल तेवढं काम करते, पण कौल लावत नाही. सकाळी देवाला फूल वाहते. संध्याकाळी ते खाली पडलेलं असतं. कुठल्या अंगाला पडलंय ते न बघता उचलते, डोळ्यांना लावते आणि कुंडीतल्या मातीत ठेवते.