फ्रेंच भावोजींचा गोल

माझ्या ओळखीत एकच पुढारी आहे आणि तो फ्रेंच आहे. तो निवडून आला त्यात माझ्या बायकोच्या पुरणपोळीचा वाटा आहे. हसू नका, मी साक्षीदार आहे.

तरुणपणी हा गृहस्थ फुटबॉल खेळून पोट भरायचा. गुडघा गेला तेव्हा त्याने मैदानावरचं कृत्रिम गवत विकायला घेतलं. तो ते दुबईला पाठवायचा, माझी कंपनी अंथरायची. धंद्यात जम बसल्यावर त्याला राजकारणाची तलफ आली आणि तो आपल्या गावच्या नगराध्यक्षपदासाठी उभा राहिला. "आधी लोक टाळ्या द्यायचे, मग पैसे. आता नुसते सल्ले देतात," तो म्हणायचा.

ऐन प्रचारात कामासाठी दुबईला आला तो चेहरा पाडूनच. विरोधकाने भर सभेत म्हटलं होतं, "हा एकेकाळी चेंडूमागे धावायचा, आता फक्त जेवणामागे धावतो." अख्खं गाव हसलं होतं. त्याला आता एकच उत्तर हवं होतं: आपण गोल मारतानाचा व्हिडिओ. दुबईतल्याच अल क्वोज भागातल्या एका गोदामाचं आम्ही इनडोअर मैदान केलं होतं. ठरलं! रविवारी दुपारी तिथे माझ्या कामगारांबरोबर सामना. संध्याकाळी त्याचं विमान होतं, म्हणजे संधी एकच.

मी बायकोला म्हटलं, "सामन्याआधी तो घरी येईल. काहीतरी हलकं कर."

तिने पुरणपोळी केली. वर तूप, शेजारी कटाची आमटी, आणि भजी तर हवीतच.

दुसऱ्या पोळीला त्याने ताटावर हात आडवे धरले. "खलास, मादाम, खलास!"

"असं कसं, भावोजी? आमच्याकडे एकावर उठत नाहीत."

"अगं, त्याला खेळायचंय," मी म्हणालो.

"म्हणूनच तर! अहो, उपाशीपोटी कोणी धावतं का?"

तो माझ्याकडे वळला, तेवढ्यात पोळी ताटात पडली. दर वेळी हेच. मतदाराच्या घरी नाही म्हणायचं नसतं, हे पुढाऱ्याच्या अंगात मुरलेलं. आमच्यापैकी कोणाचं मत त्याच्या गावात नाही, हे त्या भरात तो विसरला असावा. माझी मुलगी हे सगळं फोनवर टिपत खिदळत होती.

मैदानावर पोचल्यावर बुटाची नाडी बांधायला तो वाकला आणि तसाच सरळ झाला. "बाबा, ही कान्ट ईव्हन बेंड!" मुलगी ओरडली. नाडी मी बांधली.

"यल्ला!" म्हणत तो चार पावलं धावला आणि थांबला. मग समोरच्या संघाच्या गोलपाशी जाऊन पोटावर हात ठेवून उभा राहिला. त्याच्या बाजूच्या पोरांनी त्याला पास देऊन पाहिले. चेंडू यायचा, याच्याकडे बघायचा आणि पुढे निघून जायचा. विमानाची वेळ जवळ येत चालली. शेवटी त्याच्याच बाजूच्या एका वेल्डरने वैतागून लांबूनच सणसणीत फटका मारला. चेंडू थेट भावोजींच्या पोटावर आपटला, तिरपा उडाला आणि गोलमध्ये!

सगळे नाचले. तो मात्र मुलीने फोनवर टिपलेला गोल पुन्हा पुन्हा बघत राहिला. ज्या पोटावरून गाव हसलं, तेच पोट पडदा भरून दिसत होतं. मी मनात म्हटलं, गेली निवडणूक.

मग त्याचे खांदे हलायला लागले. हसता हसता डोळे पुसत त्याने मुलीला विचारलं, "जेवतानाचाही व्हिडिओ आहे ना?"

विमानतळावर जाताना गाडीतच त्याने दोन्ही व्हिडिओ जोडून गावाला पाठवले. खाली लिहिलं: "विरोधक खरं बोलतात. पण पुढे काय झालं तेही बघा."

गाव पुन्हा हसलं, पण या वेळी त्याच्या बाजूने. निकालाच्या दिवशी त्याने फोन केला तो माझ्या बायकोलाच.

"मादाम, मी नगराध्यक्ष झालो!"

"मी म्हणत नव्हते, भावोजी? उपाशीपोटी कोणी धावतं का?"

"पण मादाम," तो म्हणाला, "मी धावलो कुठे?"