मऊ कण्या

चार दिवस भावाकडे, म्हणजे माझ्या पप्पांकडे, राहून येते म्हणून आत्या शिरूरला गेली होती. पाचव्या दिवशी मी कुरकुंभला, कंपनीच्या लॅबमध्ये असताना पप्पांचा फोन आला, आत्या गेली. मला वाटलं अपघात झाला, तसं विचारलंही. "अपघात नाही गं," पप्पा म्हणाले. "घशाचा कॅन्सर होता. आठ महिन्यांपासून..."

ते आठही महिने मी केडगावला तिच्याच घरात राहत होते. घरात आम्ही दोघीच. नोकरी लागली तेव्हापासून रोज सकाळी, कंपनीची बस यायच्या आधी, ती ज्वारीच्या कण्या करायची. गिरणीतून जाड भरडून आणलेली ज्वारी आदल्या दिवशीच भिजवलेली असायची. लसूण-मिरचीची फोडणी, गाजर, घेवडा, मूठभर शेंगदाणे आणि वरून ताक. मी इंग्रजी शाळेत शिकलेली, मुळातच कमी बोलणारी. पहिल्या दिवशी पहिलाच घास मी बराच वेळ चावत बसले, तेव्हा ती खो खो हसली. "विंग्रजी दात हायती ह्ये! त्यास्नी चहात बुडवल्यालं बिस्कीटच पायजे."

मग कधीतरी कण्या मऊ व्हायला लागल्या. मिरची गेली, शेंगदाणे गेले. भाज्या आधी बारीक चिरलेल्या, नंतर किसलेल्या. शेवटी शेवटी तर पळीतून धार पडायची. दिवसभर औषधांचे नमुने तपासणारी मी, मला हे दिसलं नाही असं नाही. मी विचारलंसुद्धा.

"तुझ्यासाठीच मऊ केल्यात. चावत बसतीस, बस चुकंल."

मला फार बरं वाटलं होतं. न मागता माझ्यासाठी कुणी काही बदलावं, याची मला सवय नाही. आत्या माझे लाड करते, असं मी मैत्रिणीला फोनवर सांगितलंही. समोर बसून ती चमच्याच्या टोकाने खायची, मधेच ताकाचा घोट घ्यायची. "झाल्यात का मऊ?" मी मान हलवायची.

पप्पा म्हणतात, तिनेच शपथ घातली होती. "पोरीला सांगू नगा, नोकरी सोडून उशाशी बसंल." बसलेही असते. ते मला ठरवू द्यायचं होतं. आणि लपवायचंच होतं, तर निमित्त माझं कशाला? आठ महिने मी आजाऱ्याचं जेवण लाड समजून खाल्लं.

गेल्या आठवड्यात डब्यात उरलेली ज्वारी घेऊन गिरणीत गेले. गिरणीवाल्या मामांनी डबा हातात घेतला. "बारीकच ना, पोरी? आठ म्हैनं तशीच नेत व्हत्या. लई सोसलं बाईनं."

म्हणजे मामांनाही माहीत होतं. एका पातेल्यातलं खाणाऱ्या मलाच तेवढं...

"जाड," मी म्हणाले. आवाज चढला असावा, कारण मामांनी वर पाहिलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्या जाड कण्या शिजवल्या. मिरची घातली, शेंगदाणे घातले. स्वयंपाकघरात माझ्या नेहमीच्या जागी बसले. समोर तिचा पाट तसाच होता, मी तो उचललेला नाही. रस्त्यावर कंपनीच्या बसचा हॉर्न वाजला, पुन्हा वाजला, मग बस गेली. मी चावत राहिले.

माझे दात चांगले आहेत, आत्या. तुला ते माहीत होतं.