चिकाचा कीश

ओव्हनचं दार मध्येच उघडू नये, हे मला माहीत आहे. तरी मी उघडते. भाताचं झाकण, भाजीचं झाकण, दह्याच्या विरजणावरची ताटली, सगळं उचलून बघितल्याशिवाय मला चैन पडत नाही. नवरा म्हणतो, तुझं बूड एका जागी टिकत नाही. नोकरीत होते तोवर हा गुण समजला जायचा. निवृत्त झाले आणि घरातल्या घरात त्याचा रोग झाला.

कीश मला भेटला तो निवृत्तीच्या दिवशीच. ऑफिसातल्या मुलींनी निरोपाला समोसे न मागवता कुठून तरी एक चपटा, सोनेरी, केकसारखे त्रिकोणी तुकडे केलेला प्रकार मागवला होता. गोड समजून खाल्ला तर खारा. खाली शंकरपाळ्यासारखं खुसखुशीत कवच आणि आत मऊ, हलणारं, पालक घातलेलं काहीतरी. हा तर खारा खरवस, असं मी म्हणाले आणि मुली हसल्या. फ्रान्सकडचा पदार्थ आहे, आत अंडी आणि क्रीम फेटून ओततात, असं त्यांनी सांगितलं. मंचावर माझ्याबद्दल बरंच चांगलं बोललं जात होतं. माझं निम्मं लक्ष बशीत होतं.

घरी करायचं ठरवलं, पण घर आमचं नव्हतं. भाईंदर पूर्वेला केबिन रोडच्या मागे आमची स्वतःची जागा होती; ती इमारत जुनी झाली, पाडली, आणि नवी उभी राहीपर्यंत आम्ही दोघं जवळच भाड्याने राहायला आलो. घर शोधताना मी फक्त एक गोष्ट बघत होते, ती म्हणजे लिफ्ट. नवऱ्याच्या दोन्ही गुडघ्यांचं ऑपरेशन झालेलं. दलाल दाखवत होते ते बिनलिफ्टचे तिसरे-चौथे मजले, नाहीतर स्टेशनपासून इतकं लांब की तिथून रिक्षा मिळाली तरी नवस फेडावा. आणि प्रत्येकाचा पहिला प्रश्न, व्हेज की नॉनव्हेज. हे घर मिळालं ते समोरच्याच दारात राहणाऱ्या गुजराती जैन कुटुंबाचं. घरमालकांना सगळे शेठ म्हणायचे, त्यांच्या बायकोला मी बेन म्हणू लागले. चावी देताना बेननी एकच अट सांगितली. घरात मासे-मटण नाही आणि अंडंही नाही. मी लिफ्टच्या बटणाकडे बघत हो म्हणून टाकलं.

मासे आम्ही रविवारी नणंदेकडे जाऊन खात होतो, पालीच्या कोळीवाड्यातून आणलेले ताजे. त्याचं काही वाटत नव्हतं. पण अंड्याचं जड गेलं. साधी अंड्याची पोळी करायची नाही म्हणजे काय? रोज सकाळी मनातल्या मनात भांडायचे. कोणाशी, ते ठरलेलं नसायचं. नवरा म्हणायचा, शब्द दिलायस ना, मग संपलं. त्याचं सगळंच लवकर संपतं.

तर कीश, पण अंड्याशिवाय. कवच मला लवकर जमलं. मैदा, गार बटर, बर्फाचं पाणी, आणि हात शक्य तितका कमी लावायचा. हात कमी लावणं हेच माझ्यासाठी अवघड होतं, पण जमलं. कवच आधी रिकामं भाजावं लागतं आणि ते फुगू नये म्हणून त्यावर कागद टाकून राजमा पसरायचा. तो राजमा पुन्हा पुन्हा वापरायचा म्हणून मी वेगळ्या बरणीत ठेवला होता. एकदा मी बाहेर गेलेली असताना नवऱ्याने कौतुकाने तोच भिजवला आणि कुकरला लावला. शिट्ट्यांवर शिट्ट्या झाल्या, गॅस संपत आला, राजमा काही शिजेना. हल्ली कडधान्यातही भेसळ असते, असं तो मला सांगत होता.

आतलं सारण मात्र दाद देईना. बेसन घातलं तर ओव्हनमधलं पिठलं झालं. कॉर्नफ्लोअर घातलं तर कपड्याला लावायची खळ. दही आणि पनीर वाटून घातलं, त्याला एवढं पाणी सुटलं की कवच होडीसारखं तरंगलं. दर वेळी मी दार उघडून बघायची, दर वेळी नवरा बाहेरून ओरडायचा की उतावळा नवरा गुडघ्याला बाशिंग. मी म्हणायची, गुडघ्याला पट्टे तुमच्या बांधलेत, माझ्या नाही.

अशातच लिफ्टमध्ये सोसायटीचे सेक्रेटरी नवऱ्याला भेटले. इकडचं तिकडचं बोलून हळूच म्हणाले, तुमच्या घरातून दुपारी अंड्याचा वास येतो अशी कोणीतरी शेठकडे तक्रार केलीय. नवऱ्याने ते घरी येऊन मला सांगितलं आणि माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. इतके महिने जीभ बांधून ठेवली, तिचं हे बक्षीस. वास होता बटरचा आणि चीज करपल्याचा. पण हे कोणाला, कसं पटवायचं? अकरा महिन्यांचा करार संपायला आला होता. आमच्या नव्या इमारतीच्या अजून भिंतीही पूर्ण नव्हत्या. शेठनी पुढचा करार करायचा की नाही ते रविवारी सांगतो असा निरोप दिला होता, आणि आधी कधी असा निरोप आला नव्हता. मला पुन्हा ते जिने दिसू लागले. एक हात कठड्यावर, एक माझ्या खांद्यावर, आणि दर सहा पायऱ्यांनी थांबणारा नवरा.

मी आधी ठरवलं, तडक जायचं आणि भांडायचं. नवऱ्याने दाराची कडी लावली आणि समोर खुर्ची टाकून बसला. म्हणाला, शांत झालीस की जा. मग मी स्वयंपाकघरात गेले, कारण दुसरीकडे कुठे जाणार? ओट्याशी उभी राहून ताटात पीठ आपटत होते तेव्हा मला माझंच वाक्य आठवलं. खारा खरवस.

खरवसात अंडं नसतं. चीक नुसत्या वाफेवर थिजतो. अंड्याने जे होतं तेच. इतके दिवस पिठं कालवत बसले आणि हे लहानपणापासून माहीत असलेलं डोक्यात आलं नाही.

चीक केबिन रोडला मिळत नाही. पिशवीतल्या दुधाच्या गावात म्हैस कधी व्याली ते कोणाला कळणार? पण नणंदेची एक मैत्रीण चेणे गावात राहते, तिच्या शेजारी गोठा आहे. फोनाफोनी केली. नशीब असं की म्हैस नुकतीच व्याली होती. घोडबंदर रोडच्या धुळीत, एक बस आणि एक रिक्षा करून मी चेण्याला पोहोचले. गोठ्यातल्या बाईने पिवळाधमक चीक माझ्या डब्यात ओतला आणि विचारलं, खरवस करायचा हाय ना? मी काय करणार ते सांगितलं तर ती म्हणाली, मीठ घालतेस, वाया न्हाय का जायचा? येताना मांडीवर डबा धरून बसले होते. प्रत्येक खड्ड्याला झाकण दाबायचे.

शनिवारी दुपारी कीश केला. बेनना चालावा म्हणून कांदा नाही, लसूण नाही, मशरूम तर नाहीच. पालक, मक्याचे दाणे, सिमला मिरची, मिरपूड. चीक थोड्या साध्या दुधात पातळ केला, चीज किसून घातलं. तो भाजत होता तेवढा वेळ नवऱ्याने मला बाल्कनीत बसवून ठेवलं. तरी एकदा निसटलेच. दार उघडलं आणि बघितलं तर सारण कडेने धरलं होतं आणि मधोमध अलगद हलत होतं, अगदी त्या दिवशी बशीत हलत होतं तसं. मला हसू आवरेना. उद्या शेठ बोलतील, त्याआधी आज बेननी हे खायचं. खाल्लं की त्यांना कळेल, अंड्यावाचूनही असा वास येतो.

माझ्या लग्नातली स्टीलची ताटली काढली, मागे माझं माहेरचं नाव कोरलेली. चांगल्या प्रसंगालाच ती निघते. सूर्य मावळायच्या आत बेनचं जेवण होतं, म्हणून घाईने समोर गेले.

बेन एकट्याच होत्या. त्यांनी बसवलं, ताटली हातात घेतली, वास घेतला. अंड्याचं काही विचारलंही नाही. मीच आधी सांगितलं, यात अंडं बिलकूल नाही. त्यांनी मान डोलावली, एक तुकडा मोडला आणि तोंडाकडे नेला. त्या घासाला एक क्षण द्यायला हवा होता. पण भांड्यावरचं झाकण मला जसं सहन होत नाही तसंच तोंडावरचंही. मोठ्या तोऱ्यात युक्ती सांगून मोकळी झाले. भैंस का पहला दूध है, मी म्हणाले, खास चेण्याहून आणलंय.

बेनचा हात थांबला. तुकडा त्यांनी ताटलीत परत ठेवला, अगदी हळू.

"ये हम नहीं लेते, दीदी," त्या म्हणाल्या. "वो दूध बच्चे का होता है."

जनावर व्यालं की पहिले काही दिवस त्याचं दूध त्यांच्यात घेत नाहीत, हे त्यांनी मला समजावलं. आवाज चढवला नाही. खरवस आमच्याकडे आला की आम्ही शेजारीपाजारी वाटतो, त्याहून निर्मळ पदार्थ मला माहीत नव्हता. अंडं टाळायला मी चेण्यापर्यंत गेले आणि तिथून नेमकं दुसरं न चालणारं उचलून आणलं. मी ताटली मागितली तर त्या म्हणाल्या, राहू दे, वाया जाणार नाही, खाली वॉचमनला देते. मी घरी आले. नवऱ्याने माझं तोंड बघितलं आणि सगळं ऐकून घेतलं. करायला गेलीस गणपती आणि झाला मारुती, एवढंच म्हणाला. मग माझ्या वाटणीचा कीशही त्यानेच खाल्ला.

आता प्रश्न ताटलीचा होता. आमच्या मजल्यावर ताटली रिकामी परत जात नाही. मी चकली दिली की खाकरा यायचा, ढोकळा आला की मी थालीपीठ द्यायची. दुसऱ्या दिवसाच्या पुढे ताटली कधी राहिली नव्हती. रविवार उजाडला. ताटली आली नाही. शेठही आले नाहीत. समोरचं दार वाजलं की मी आमच्या दाराच्या भिंगाला डोळा लावायची. कधी दूधवाला, कधी कचरेवाली. एकदा शेठ स्वतः बाहेर आले, आमच्या दाराकडे बघितलं, आणि लिफ्टमध्ये शिरले. सोमवार असाच गेला. मी एका दलालाला फोन केला. त्याने पहिला प्रश्न तोच विचारला आणि मी उत्तर न देता फोन ठेवला. मला रडू आलं, रागाने आलं की भीतीने ते मलाही कळलं नाही. ज्या गावात माझी पोरं शिकली, त्या गावात माझी चूल कशी आहे हे मी किती जणांना सांगत फिरायचं? नवरा शांतपणे पुस्तकं खोक्यात भरायला लागला होता. त्या खोक्याचाच मला सगळ्यात जास्त संताप आला.

मंगळवारी दुपारी बेल वाजली. भिंगातून बेन दिसल्या. हातात माझी ताटली, वर रुमाल.

त्या आत आल्या, बसल्या नाहीत. शेठनी करार करायला सांगितलंय, पुढचे अकरा महिने राहा, असं म्हणाल्या. मग कसं ठरलं तेही त्यांनीच सांगितलं. शेठच्या मनात तक्रारीचं फार होतं, दोन दिवस घरात हाच विषय चालू होता. मग त्यांनी शेठना चेण्याची गोष्ट सांगितली.

"मैंने बोला, जिसके घर में अंडा फूटता है, वो दूध के लिए चेणे तक नहीं जाती."

हायसं वाटलं, ते खोटं कशाला सांगू? पण त्याच्या मागोमाग रागही आला, की माझ्या शब्दाला साक्ष द्यायला एक म्हैस लागली. दोन्ही एकाच वेळी होतं आणि अजूनही आहे. आतल्या खोलीत खोकं सरकवल्याचा आवाज आला. नवरा पुस्तकं परत बाहेर काढत होता.

बेननी रुमाल बाजूला केला. ताटलीत त्यांनी स्वतः केलेला कीश होता. अंडं नाही, चीक नाही, दही आणि मुगाचं पीठ, वर कोथिंबीर. कवच एका बाजूने खचलेलं. आतलं सारण थिजलंच नव्हतं. माझ्या माहेरच्या ताटलीत ते पसरून कडेपर्यंत आलं होतं. दोन दिवस ताटली का थांबली होती ते मला कळलं. आणखी एक बिघडलेला घरी टाकून आलेय, असं त्यांनीच सांगितलं.

मी चमचा आणला आणि उभ्या उभ्याच खाऊ लागले. मीठ कमी होतं. मी ते बोलले नाही, आणि हे माझ्या ओळखीच्या कोणाला सांगितलं तर खरं वाटणार नाही. बेन माझ्या तोंडाकडे बघत होत्या.

जमा नहीं ना, त्यांनी विचारलं.

मी विचारलं, मध्ये ओव्हनचं दार उघडलं होतं का.

त्यांनी आमच्या उघड्या दारातून समोर स्वतःच्या दाराकडे बघितलं, जिथे शेठ दोन दिवस ठरवत बसले होते.

"क्या करूँ, दीदी," त्या म्हणाल्या. "मेरे से रहा नहीं गया."