सत्तर पानांचा पुडा

एमएस्सीच्या शेवटच्या सत्रात बाबांनी माझ्या प्रकल्पाचं वाटोळं केलं, असं मी तेव्हा वसतिगृहभर सांगत फिरले होते.

तेंदूचं पान कोवळं असताना त्याच्या पेशींत कोणती जनुकं चालू असतात आणि जून झाल्यावर कोणती बंद पडतात, एवढंच पाहायचं होतं. चालू जनुकाची नक्कल निघते, तिला आरएनए म्हणतात. ती महानाजूक. पान तोडल्याबरोबर औषधात बुडवलं नाही, तर गेलीच. कोवळी पानं आठ-दहा दिवसांचीच, आणि नेमकी तेव्हाच चंद्रपुरात माझी प्रात्यक्षिक परीक्षा. म्हणून धानोऱ्याच्या बसवाल्याजवळ औषधाच्या दहा बाटल्या दिल्या आणि गावी बाबांना फोनवर बजावलं, कोवळी पानं तोडा, लगेच यात बुडवा.

पाचव्या दिवशी बसस्थानकावर पार्सल मिळालं. बाटल्यांची झाकणंसुद्धा उघडलेली नव्हती. सोबत पळसाच्या वाखानं बांधलेला पुडा. मोठी, निबर, बिनभोकाची पानं, एकावर एक रचलेली, कडक वाळलेली.

मी तिथूनच फोनवर ओरडले.

"ओल्यात पान काळं पडते, बाई," बाबा म्हणाले. "अंगणात उलटसुलट करून तीन दिवस वाळवलं. अन् कोवळं पान कोन घेते?"

अवकाळी पावसात ज्याचे पुडेच्या पुडे विडीच्या पानांच्या संकलन केंद्रावर नापास झाले, तो माणूस पान मुद्दाम बुडवेल कसा? हे आज कळतं. तेव्हा तळपायाची आग मस्तकात गेली होती. "तुमाले काईच समजत नाई," म्हणून मी फोन आपटला.

हट्टानं त्याच पानांवर काम केलं. नक्कल शाबूत असेल तर तपासणीच्या जेलवर ठळक पट्टे दिसायला हवेत, तिथे वरून खालपर्यंत नुसता फराटा. प्रकल्पाच्या मार्गदर्शक मॅडम म्हणाल्या, आता पुढच्या हंगामात. जंगलातली पानं तोवर जून झाली होती. माझं वर्ष गेलं.

चिडचिड कमी होईना, आणि अर्धी स्वतःवरच होती. दोन वर्षं जनुकं शिकले, पण पान कशाला हवं हे बाबांना कधी सांगितलं नाही. त्यांना काय कळणार, म्हणून.

आठवड्यानं त्यांचाच फोन आला.

"मॅडमनं पास केला का पुडा?"

"नाई."



"काऊन? पुड्यात सत्तर पानं लागते. मी बहात्तर टाकले होते. एखादं फाटकं निघालं तं तुया पुडा वापस येऊ नये म्हणून."