काकूंचा बीजिंगमधला एक दिवस

कुठलीही गोष्ट आज केली तर बिघडते आणि पुढच्या वर्षी केली तर सुधारते, यावर आमच्या घरमालक काकांइतका गाढ विश्वास असलेला माणूस मी भारतात पाहिला नाही आणि अमेरिकेतही पाहिला नाही. काका पुलांचे इंजिनिअर. चाळीसेक वर्षं या देशात त्यांनी पूल बांधले, आणि ते सगळे वेळेवर पुरे झाले असं लोक सांगतात. मला ते खरं वाटत नाही. कारण फ्रीमाँटच्या त्यांच्या टाउनहाउसमध्ये मी वरच्या खोलीत भाड्याने राहायला आले, तेव्हा सोफ्यावरचं प्लॅस्टिक निघायचं होतं आणि सोफा घेऊन बरीच वर्षं झाली होती. ‘एकदा घराला रंग दिला की काढू,’ काका म्हणाले. रंग द्यायचा होता तो छप्पर झाल्यावर, आणि छपराचं काम निघणार होतं ते कामाचे बाजारभाव उतरल्यावर. मी त्या प्लॅस्टिकवर बसून अजून चहा पिते आणि उन्हाळ्यात उठताना त्याला चिकटते.

काकांची दुसरी ख्याती म्हणजे त्यांचे अभिप्राय. कुठल्याही हॉटेलात जेवले, प्लंबरला बोलावलं, दात काढून घेतला, की घरी येऊन ते इंटरनेटवर त्याचा रिव्ह्यू लिहीत आणि तारे देत. पाच तारे त्यांनी कधी कुणाला दिले नाहीत. ‘पाच दिले की माणूस सुधारत नाही गं,’ ते मला समजावत. एका दंतवैद्याला त्यांनी तीन तारे दिले होते आणि खाली लिहिलं होतं, ‘दात चांगला काढला, पण खिडकीतून दिसणारं दृश्य सामान्य.’

काकू मात्र वेगळ्या. लग्नाआधी त्या एका जिल्हा परिषदेच्या शाळेत भूगोल शिकवत होत्या. मी आमच्या घरातली पहिली पदवीधर, व्हिसावर नोकरीला आलेली, मोठ्या शहराच्या नावानेही घाबरणारी. गाव विचारणारे मला तोवर बरेच भेटले होते. सगळे म्हणत, ‘म्हणजे पुण्याच्या जवळ का?’ पहिल्या दिवशी काकूंनी तालुका ऐकला आणि लगेच म्हणाल्या, ‘म्हणजे दुधनाकाठची तू! पाणी असतं का गं आता नदीला?’ माझ्या नदीचं नाव त्या देशात कुणाला तरी माहीत आहे, एवढ्यावर मी त्या रात्री शांत झोपले.

काकूंना जन्मात एकच जागा पाहायची होती. चीनची भिंत. सातवीच्या वर्गात दरवर्षी त्या ती फळ्यावर काढायच्या, खडूने, बुरुजांसकट. एका मुलाने विचारलं होतं, ‘बाई, तुम्ही पाहिलीय?’ त्यावर त्या म्हणाल्या होत्या, ‘बघणार आहे.’ अमेरिकेत आल्यावर भारतात जायची वेळ आली की त्या म्हणत, ‘या वेळी बीजिंगवरून जाऊ. एक दिवस उतरायचं, भिंत बघायची, पुढचं विमान धरायचं.’ काका लगेच कामाला लागत. त्यांनी एक गाइड मुलगी शोधून काढली, तिची गाडी, ड्रायव्हर, सकाळी विमानतळावरून भिंत, दुपारचं जेवण, मग राजवाडा, संध्याकाळी परत विमानतळ, असा फक्त दोघांसाठीचा एक दिवसाचा दौरा ठरवला. आणि मग पुढे ढकलला. एका वर्षी धूर फार होता. एका वर्षी गर्दी. मग ती साथ आली. मग काकूंचे गुडघे. ‘कॅन्सल नाही केलं,’ काका ठासून सांगत, ‘रीशेड्यूल केलं.’ ती गाइडही इतकी चिवट, की दर वेळी लिहायची, ‘काही हरकत नाही सर, भिंत आहे तिथेच आहे.’ काकू हसायच्या. मला म्हणायच्या, ‘ह्यांना न्यायला यम आला ना, तर त्याला विचारतील, तुमचा ऑफ-सीझन कधी असतो?’

शेवटचं ठरलं होतं ते ऑक्टोबरचं. तेव्हा डोंगरावरची पानं लाल होतात, असं काकांनी वाचलं होतं.

एप्रिलमधल्या एका सकाळी काकूंनी चहाचं आधण ठेवलं आणि ओट्यापाशीच त्या गेल्या. मी खाली आले ती करपल्याच्या वासाने. काका जमिनीवर बसले होते, काकूंचं डोकं मांडीवर घेऊन, आणि फोनवर पत्ता सांगत होते, अगदी स्पष्ट, एकेक अक्षर सुटं. मी गॅस बंद केला. संध्याकाळी सगळं झाल्यावर काकांचं लक्ष त्या काळ्या पातेल्याकडे गेलं. म्हणाले, ‘भिजत घाल. उद्या निघेल.’ उद्या ते निघालं नाही. मग ते सिंकच्या खाली गेलं आणि तिथेच राहिलं.

काकांचा क्रियाकर्मावर विश्वास नव्हता. पण बेलव्ह्यू गावाहून आलेल्या त्यांच्या मुलाने आग्रह धरला, म्हणून दहाव्या दिवशी आम्ही तळ्याकाठच्या पार्कात गेलो. गुरुजी सोमवार ते शुक्रवार डेटाबेसचं काम करणारे, दशक्रियेसाठी खास सुट्टी घेऊन आले होते. पिंड ठेवला कागदी ताटलीत, आणि तोसुद्धा ‘पक्ष्यांना खाऊ घालू नये’ या पाटीपासून जरा दूर. आता वाट बघायची ती कावळ्याची. गेलेल्या माणसाची इच्छा उरली असेल तर कावळा शिवत नाही, हे आमच्याकडे लहान मुलालाही ठाऊक असतं. दिव्याच्या खांबावर कावळे बसले होते, चांगले धष्टपुष्ट, आणि आमच्याकडे बघतही नव्हते. तेवढ्यात एक सीगल उतरला आणि ताटलीकडे तुरुतुरु निघाला.

‘गुरुजी, सीगल चालेल?’ मुलाने विचारलं.

‘शास्त्रात कावळा आहे,’ गुरुजी म्हणाले. ‘हाकला त्याला.’

मुलाने जॅकेट फडकावून सीगल हाकलला. मग हात जोडून म्हणाला, ‘आई, मी बाबांची काळजी घेईन. प्रॉमिस.’ कावळे हलले नाहीत. ‘रोज फोन करीन.’ नाही. मीसुद्धा मनात म्हटलं, काकू, घर मी स्वच्छ ठेवीन. काही नाही. काका बाकावर हाताची घडी घालून बसले होते. ‘कावळ्याचा मेंदू केवढासा असतो ठाऊक आहे का?’ ते म्हणाले. ‘त्याला कशाला तुमच्या इच्छा कळतात!’ ऊन वर आलं. गुरुजी घड्याळ बघू लागले आणि हळूच म्हणाले की दर्भाचा कावळा करून शिववता येतो, चालतं.

‘नको,’ काका म्हणाले. ते उठले, ताटलीपाशी गेले, आणि मी त्यांना पहिल्यांदाच हात जोडताना पाहिलं. ‘बीजिंग दाखवतो,’ ते म्हणाले. ‘या ऑक्टोबरात. रीशेड्यूल नाही.’

कावळा आला. ताटलीच्या काठावर बसला, भात उचलला आणि गेला. ‘मघापासून कुत्रा फिरवत होता तो माणूस गेला ना आत्ता,’ काका म्हणाले, ‘म्हणून आला तो.’

ऑगस्टमध्ये काकांच्या हृदयाच्या डॉक्टरांनी लांबचा विमानप्रवास साफ बंद केला. मुलगा फोनवर म्हणाला, ‘बाबा, डोंट वरी. नेक्स्ट इयर जाऊ आपण.’ मी तिथेच होते. काकांनी फोन कानापासून दूर धरला आणि त्याच्याकडे बघत राहिले, जणू त्यातून त्यांचाच आवाज आला होता.

दुसऱ्या दिवशी त्यांनी पंचांग मागवलं. नवऱ्याच्या आधी गेलेल्या बाईसाठी पितृपक्षात अविधवा नवमी असते. त्या दिवशी एखाद्या सवाष्णीला मानाने बोलावून जेवू घालतात, आणि ती जे जेवते ते गेलेलीला पोचतं असं मानतात. त्या वर्षी ती तिथी ऑक्टोबरात येत होती. काकांनी त्या गाइड मुलीला व्हिडिओ कॉल लावला. दोघांचं इंग्रजी आपापल्या देशाचं, तरी बोलणं नीट चाललं होतं.

‘सर! या वेळी नक्की ना? मॅडम कशा आहेत?’

काकांनी सांगितलं. ‘सॉरी, सर,’ ती हळूच म्हणाली. मग काकांनी तिला सगळा बेत समजावला. गाडी निघायची, भिंतीवर जायचं, जेवण व्हायचं, सगळं ठरल्याप्रमाणे. फक्त ते आणि मी फोनवरून बघणार.

‘पण सर, गाडीत बसणार कोण?’

‘तेच सांगतोय. मला एक बाई हवी. वयस्कर. तिचा नवरा जिवंत पाहिजे.’

मी कपाळाला हात लावला. पण ती मुलगी जराही दचकली नाही. ‘माझी आई चालेल? जन्मभर कारखान्यात होती. भिंतीवर कधी गेली नाही. तिथे पाहुणे जातात, असं म्हणते.’

‘आणि वडील?’

‘आहेत. पण त्यांना डोंगर आवडत नाहीत.’

‘मग उत्तम,’ काका म्हणाले.

त्या दिवशी मी ऑफिसातून दुपारी लवकर निघाले. खीर केली, वडे केले, पान वाढून टेबलावर फोनसमोर ठेवलं. आमच्याकडे दुपार उतरत होती, तिकडे दुसरा दिवस उजाडत होता. पडद्यावर गाडी दिसली, मागच्या सीटवर निळा कोट घातलेली एक बारीकशी बाई, मांडीवर पिशवी घट्ट धरलेली. ‘त्यांना खिडकीशी बसव,’ काका सुरू झाले. ‘स्वेटर आहे का? वर वारा असेल. गाडी घाटात हळू घे म्हणावं, हिला लागते गाडी.’ ‘हिला’ म्हटल्यावर ते थांबले. मुलीने आईला ते सांगितलं असावं, कारण बाईंनी खिडकीची काच थोडी खाली केली.

डोंगराच्या पायथ्याशी पोचल्यावर मुलगी खाली उतरली आणि फोन चोहीकडे फिरवला. सगळं पांढरं. डोंगर नाही, भिंत नाही, लाल पानं तर नाहीतच.

‘सर, फार धुकं आहे,’ ती अपराधी आवाजात म्हणाली. ‘वर काहीच दिसणार नाही. उद्या हवा स्वच्छ आहे. तुमचं जुनं बुकिंग आहे, मी उद्या परत आणते आईला. रीशेड्यूल करू?’

मी काकांकडे बघितलं. ज्या माणसाने रंगासाठी सोफा थांबवला आणि छपरासाठी रंग, त्याला ही चांगली मुलगी उद्याचा स्वच्छ दिवस देत होती. काकांचे ओठ हलले. मला ते उत्तर येण्याआधीच ऐकू आलं, इतक्या वेळा मी ते ऐकलं होतं.

‘नाही,’ काका म्हणाले. ‘आज.’

रोपवेच्या पाळण्यातून दोघींना वर नेणारे दोर धुक्यात शिरत होते आणि दिसेनासे होत होते. मग पायऱ्या. पडद्यावर फक्त दगड येत होते, ओले, झिजलेले, आणि बाईंचे कापडी बूट. एका बुरुजापाशी त्या थांबल्या. धापा टाकत होत्या. काका खुर्चीत पुढे झाले. ‘बसव त्यांना. पाणी दे. घाई नाही.’ बाई पाणी प्यायल्या आणि पिशवी खाली ठेवून त्यांनी दोन्ही तळवे भिंतीवर टेकवले. बराच वेळ. मग लेकीला काही तरी म्हणाल्या.

‘आई विचारतेय,’ मुलगी म्हणाली, ‘मॅडमना दिसतंय का?’

फोनमध्ये पांढरा पडदा आणि त्यात दोन म्हातारे हात, एवढंच होतं. काकांनी चष्मा काढला, पुसला, परत लावला.

‘हो म्हणावं,’ ते म्हणाले. ‘नीट दिसतंय.’

जेवणाला त्या माय-लेकी एका छोट्या हॉटेलात बसल्या. मांस नको, अंडं नको, हे काकांनी तीनदा बजावलं होतं. बाईंच्या पुढ्यात भात, पालेभाजी आणि टोफू आला. जेवायच्या आधी त्यांनी फोनकडे बघून मान लववली. काकांनी आमच्या टेबलावरच्या पानाभोवती पाणी फिरवलं. राजवाडा राहिला. बाई दमल्या होत्या आणि काका म्हणाले की हिलाही तो एवढा बघायचा नव्हता.

दुसऱ्या दिवशी त्यांनी रिव्ह्यू लिहिला आणि पाठवण्याआधी मला दाखवला. चार तारे. खाली दोन वाक्यं: ‘काही दिसलं नाही. बायकोला आवडलं.’

‘काका, निदान या वेळी तरी पाच द्यायचे,’ मी म्हटलं.

‘धुक्याचा एक कापला,’ ते म्हणाले. पण आवाजात जोर नव्हता.

सोफ्यावरचं प्लॅस्टिक अजून आहे. छपराचा बाजार उतरायचा आहे. परवा मी स्वयंपाकघर आवरायला काढलं आणि सिंकखालून ते काळं पातेलं बाहेर घेतलं. खायचा सोडा घातला, घासणी घेतली, नळ सोडला. काका दारात येऊन उभे राहिले.

‘राहू दे गं ते,’ ते म्हणाले.

‘आज निघेल, काका. चांगला सोडा टाकलाय.’

त्यांनी माझ्या हातातून पातेलं घेतलं, फडक्याने पुसलं आणि वाकून परत सिंकखाली ठेवलं.

‘पुढच्या वर्षी,’ काका म्हणाले.