गाडी जाऊ द्या

नांदेडच्या दवाखान्यातून सासऱ्यांचा फोन आला तेव्हा घरामागच्या रुळांवरून मालगाडी जात होती. ते काय सांगताहेत ऐकू येईना. सवयीनं मी शेवटचा डबा जाईपर्यंत गप्प उभा राहिलो. मग कळलं, रेखा गेली...

रेखा माझी धाकटी मेहुणी. ताडकळसला शिवणक्लास चालवायची. क्लासातल्याच मुली घेऊन ती मोबाइलवर सिनेमा काढत होती. विषय प्रेम. एकीला कुणी आवडतं, एकीला ते सांगायची भीती वाटते, एकीला नुसतंच कुणीतरी आवडावंसं वाटतं, एवढीच गोष्ट. गावात लोक बघत उभे राहतात, म्हणून शूटिंग पूर्णेला आमच्या गच्चीवर. खर्च म्हणाल तर मुलींचं एसटीचं तिकीट आणि आमच्याकडचा चहा.

गाडी आली की आवाज बिघडायचा. रेखा ओरडायची, "गाडी!" आणि मुली होत्या तशाच थांबायच्या. कुणाचा हात दोरीवरच्या ओढणीला, कुणाची मान अर्धी वळलेली.

"आगं, हात तरी खाली घेऊ दे लेकरांना," मी म्हणायचो.

"नगं दाजी. हात खाली आला की मनातलंबी खाली बसतंय."

एकदा अशीच गाडी जाताना तिनं मलाच गाठलं. "दाजी, तुमी आक्काला कवा म्हणलाव का, तू मला आवडतीस म्हणून?"

"लग्न झालंय आमचं. आता काय म्हणायचं त्यात?"

मुली फिदीफिदी हसल्या, पण हात एकीचाही हलला नाही. "लय अवघड हाय बाई ह्यांचं," रेखा म्हणाली. "शेवटचा सीन दाजीवरच घेऊ." तो सीन राहिला. काविळीनं तिला उठूच दिलं नाही.

आता सिनेमा जोडायचं काम तिची विद्यार्थिनी वर्षा करते. परवा तिनं विचारलं, "काका, गाडीच्या वेळचे तुकडे काढून टाकू ना?"

"सिनेमातून काढ. पण पुसू नको, मला दे."

पडद्यावर रेखा कुठंच नाही. ती कायम मोबाइलच्या मागं. तिचा आवाज आहे तो फक्त त्या टाकायच्या तुकड्यांत. "थांबा गं, गाडी जाऊ द्या... हां, बोला."

अजूनही गाडी आली की आम्ही नवरा-बायको बोलता बोलता थांबतो. काल बायको भाकरी तव्यावर टाकता टाकता थांबली. मीही काहीतरी सांगत होतो, थांबलो. गाडी गेली. गाडीच्या हादऱ्यानं वाजणारी भांडी वाजायची थांबली. भाकरी तिच्या हातावर तशीच होती, आणि "हां, बोला" असं कुणीतरी म्हणेल म्हणून आम्ही दोघं वाट पाहत होतो.