न वाचलेल्या कवितेचं उत्तर

इंग्रजी वाङ्मय घेऊन बी.ए. झालेला आमच्या गावातला पहिला माणूस मी. गावातलाच कशाला, दवनीवाड्याच्या आजूबाजूच्या पाच-सात गावांत तेव्हा दुसरा नव्हता. हे मी सांगतो तेव्हा लोकांना फुशारकी वाटते. वाटू द्या, ती कमावलेली आहे. पण त्याच बी.ए.ला मी आधी एकदा नापास झालो होतो आणि तेही इंग्रजी कवितेत, हे मी आजवर फारसं कुणाला सांगितलं नाही. आता सांगतो.

आम्ही मध्य प्रदेशातून मुंबई राज्यात गेलो, त्याच्या आगेमागेचे ते दिवस. जिल्हा अजून भंडाराच होता. मी गोंदियाला कॉलेजात होतो आणि फुलचूरला एका शेतकऱ्याच्या ओसरीला लागून असलेल्या खोलीत राहत होतो. शनिवारी सायकलनं गावी जायचं, सोमवारी पहाटे तांदूळ बांधून परत यायचं. घरी बाबा आणि मोठा भाऊ. भावाला मी दादा म्हणायचो. मी तिसऱ्या वर्षात गेलो त्याच साली भादव्यात माय तापानं गेली. तेराव्यानंतर दुसऱ्या दिवशी मी कॉलेजात हजर होतो. याचाही मला तेव्हा अभिमान वाटला होता.

कवितेचं नेमलेलं पुस्तक वर्गात कोणाकडेच नव्हतं. ग्रंथालयात एक प्रत होती, ती आधीच कोणीतरी नेलेली. बाजारातल्या पुस्तकवाल्याकडे गेलो तर तो म्हणाला, "भैया, कविता की किताब तो नागपूर से आएगी, कब आएगी भगवान जाने. कुंजी ले जाओ, पास हो जाओगे." कुंजी म्हणजे तयार उत्तरांचं पातळ पुस्तक. माझ्या मानीपणाला ती पटली नाही. मी ग्रंथालयात परत गेलो आणि तिथे मला एक जाडजूड पुस्तक सापडलं. लाल कापडी बांधणी, कोणा इंग्रज प्राध्यापकानं विद्यार्थ्यांसाठी लिहिलेलं. कविता कशी वाचावी, कशी समजून घ्यावी, तिच्यावर टीका कशी करावी, सगळं त्यात होतं. निसर्गावर एक प्रकरण, प्रतिमांवर एक, वृत्तांवर एक, दुःखाच्या कवितांवर एक. मी ते पुस्तक घेतलं आणि पुढचे सहा महिने सोडलं नाही. पहिलं प्रकरण तेवढं मी गाळलं. चाळून पाहिलं तर त्यात उत्तरात उतरवण्यासारखं काही दिसलं नाही.

माझी चूक कळायला आमच्या गावची एक रीत सांगावी लागेल. आमच्याकडे पोथी दोघं मिळून चालवतात. एक वाचणारा आणि एक सांगणारा. वाचणाऱ्यानं ओवी म्हणायची आणि थांबायचं. सांगणाऱ्यानं तिचा अर्थ बसलेल्या मंडळींना उलगडून द्यायचा. वाचणाऱ्याला अर्थ कळलाच पाहिजे असं नाही, आणि सांगणाऱ्याला अक्षर आलंच पाहिजे असंही नाही. आमच्या गावात सांगणारे माझे बाबा होते. त्यांना स्वतःची सही येत नव्हती, ते अंगठा लावायचे. वाचणारा मी, चौथीत असल्यापासून. तेव्हापासून माझ्या डोक्यात पक्कं बसलं होतं की अर्थ सांगणं हे दुसऱ्याचं काम, मोठ्या माणसाचं काम. वाचणाऱ्यानं त्यात तोंड घालू नये. इंग्रजी कवितेचा सांगणारा मला त्या लाल पुस्तकात भेटला, आणि त्यानं जे जे सांगितलं ते मी पाठ केलं. ज्या कवितांबद्दल तो सांगत होता, त्यांतल्या बहुतेक मी पाहिल्याही नव्हत्या. त्याची मला लाज वाटली नाही. सांगणारा एवढा विद्वान असताना माझ्या वाचण्यानं काय फरक पडणार होता?

शनिवारी-रविवारी दादा वावरातून आला की मी खाटेवर बसून मोठ्यानं घोकत असायचो. तो पाय धुता धुता म्हणायचा, "इंग्रज गेले ना बे? मंग तू त्यायचे गाने कायले घोकून राहिला?"

"गाणे नाही दादा, गाण्यावरची टीका आहे."

"म्हंजे त्यायनं गाने केले, दुसऱ्यानं त्याले नावं ठेवली, अन् तू ते नावं पाठ करून राहिला. वा रे कॉलेज!"

परीक्षेत न नेमलेली एक कविता देत आणि तिचं रसग्रहण लिहायला सांगत. त्या साली सोळा ओळींची कविता आली. एक बाई खिडकीत उभी आहे. बागेचं फाटक उघडं आहे, वाऱ्यानं ते आपटतं आहे. शेजाऱ्याच्या मेंढ्या आत शिरल्या आहेत आणि कोबी खात आहेत. काठी दाराशीच ठेवलेली आहे. शेवटाकडे एवढंच येतं की तो घरी आला की फाटकाची कडी नेहमी आठवणीनं लावायचा.

मी कविता एकदा भरभर वाचली. मेंढ्या दिसल्या, बाग दिसली, वारा दिसला. निसर्गाचं प्रकरण मला तोंडपाठ होतं. मी चार पानं लिहिली. कवी थोर निसर्गप्रेमी आहे, ग्रामीण जीवनातला शांत आनंद त्यानं रंगवला आहे, ओळींत वाऱ्याचं संगीत आहे, असं सगळं. बाहेर आल्यावर बाकीचे म्हणत होते की त्यांचं दीड पान झालं. मी म्हणालो, "आपले चार झाले." सायकल काढून शीळ घालत फुलचूरला आलो.

जूनमध्ये निकाल लागला. बाकी विषयांत मी चांगला निघालो होतो, इंग्रजीत गेलो. ऑक्टोबरच्या परीक्षेला बसायची मुभा होती, तेवढंच.

आमचे इंग्रजीचे सर बाहेरगावचे, बारीक, कमी बोलणारे. मी त्यांच्या घरी गेलो आणि तपासणाऱ्याची काहीतरी चूक झाली असणार असं त्यांना ठणकावून सांगितलं. माझं उत्तर त्यांना जसंच्या तसं म्हणून दाखवलं. चारही पानं. त्यांनी मला मध्ये थांबवलं नाही. संपल्यावर म्हणाले, "आता कविता म्हणा."

मी म्हणालो, "सर, कविता पाठ नाही. उत्तर पाठ आहे."

ते हसले नाहीत.  मग म्हणाले, "प्रश्नपत्रिका आहे ना जवळ? ती घरी न्या. आणि ग्रंथालयाचं ते पुस्तक उद्या माझ्याकडे जमा करा. ऑक्टोबरपर्यंत ते तुम्हाला मिळणार नाही." मला तो अपमान वाटला. आंधळ्याची काठी काढून घ्यावी तसं वाटलं. दुसऱ्या दिवशी मी पुस्तक त्यांच्या टेबलावर ठेवलं आणि नमस्कार न करता निघालो.

गावी रोवणा चालू होता. रोवणा म्हणजे धानाची रोपं बांधीत, म्हणजे बांध घातलेल्या शेतात, लावण्याचं काम. बांध्या पाण्यानं भरलेल्या, बाया वाकून ओळीनं परे लावत होत्या. मी धोतर खोचून पाण्यात उतरलो. घरात कोणी मला काही बोललं नाही, आणि तेच जास्त लागत होतं. तिसऱ्या दिवशी दुपारी धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, जेवायला बसलो तेव्हा दादानं विषय काढला.

"आक्टोबरात पास नाही झाला तं काय करशीन?"

"होईन."

"मी विचारून राहिलो, नाही झाला तं?" त्यानं भाताचा गोळा खाली ठेवला. "मी चौथीतून निंघालो. तू शिकला, चांगलं झालं. पन मायच्या मागं घरचं काम वाढलं, अन् मले वावरात दोन हात पाह्यजेत. आक्टोबरात नाही झाला तं येजो परत. मंग पुन्हा कॉलेजाचं नाव काढू नोको."

"बरं," मी म्हणालो. दुसरं म्हणण्यासारखं नव्हतं. त्याचं खरं होतं.

बाबा बाजूलाच जेवत होते. त्यांनी पाणी पिऊन तांब्या ठेवला आणि मला विचारलं, "त्या कागदात होतं तरी काय, बाबू?"

प्रश्नपत्रिका माझ्या खिशातच होती. मी ती काढली आणि सांगू लागलो, "कवी निसर्गप्रेमी आहे, बाबा, त्यानं..."

"ते नोको सांगू. त्यात काय लिहिलं हाये ते वाच."

"इंग्रजी आहे."

"वाच तं खरं. मंग आपल्यात सांग."

मी वाचलं. मग एकेक ओळ आपल्या बोलीत सांगितली. बाई खिडकीत, फाटक उघडं, वारा, मेंढ्या कोबी खाऊन राहिल्या, काठी दाराशी. बाबांनी मला दोनदा थांबवून मागच्या ओळी पुन्हा सांगायला लावल्या. पोथीलाही ते असंच करायचे आणि मी वैतागायचो. सगळं झाल्यावर त्यांनी विचारलं, "काठी हाताशी हाये, मंग ते बाई मेंढ्या काऊन नाही हाकलत?"

मी कागदाकडे पाहिलं. हा प्रश्न मला पडला नव्हता.

"कडी लावनारा कोठी गेला?" बाबा म्हणाले.

"तो... नाही आता. लावायचा, असं लिहिलं आहे."

"मंग तो मेला." बाबा इतकंच म्हणाले. उठून त्यांनी धोतर झटकलं आणि बांधीत उतरले.

दादा माझ्याकडे पाहत होता. पण त्यानं चिडवलं नाही.

आमच्या घरामागे मायनं वालाचा वेल लावला होता. ती गेली त्या वर्षी तो छपरावर चढून शेंगांनी भरून गेला होता. हिवाळाभर कोणी एक शेंग तोडली नाही. सगळ्या वेलावरच वाळल्या, फुटल्या, दाणे छपराच्या कवेलूंवर सांडले. मी दर शनिवारी येऊन ते पाहत होतो. एकदा मी बाबांना म्हणालोही होतो, "शेंगा वाया जाऊन राहिल्या." ते उठून वावरात निघून गेले होते. असा वेल ज्याच्या घरावर वाळत होता, त्या मी परीक्षेत त्या बाईबद्दल लिहिलं की ती ग्रामीण जीवनातला शांत आनंद घेते आहे. ही गोष्ट मला धुऱ्यावर बसल्या बसल्या कळली.  तपासणाऱ्यानं मला नापास केलं ते बरोबर केलं. मी त्याच्या जागी असतो तर शून्य दिलं असतं.

रोवणा आटोपल्यावर मी सरांकडे गेलो. त्यांना सांगितलं, "सर, ती बाई विधवा आहे."

"हो," ते म्हणाले. मग कपाटातून त्यांनी लाल पुस्तक काढलं. "पहिलं प्रकरण वाचा. इथंच बसून."

मी वाचलं. जेमतेम पाच पानं होती. त्यांत तो इंग्रज प्राध्यापक एवढंच सांगत होता की हे पुस्तक मिटा, कविता घ्या, ती पुन्हा पुन्हा वाचा, तुम्हाला स्वतःला काय दिसतं ते ठरवा आणि मग माझ्याकडे या, म्हणजे आपल्याला बोलता येईल. सहा महिने तो माणूस माझ्याजवळ होता आणि त्याचं पहिलंच बोलणं मी ऐकून घेतलं नव्हतं. पुस्तकाचा काही दोष नव्हता. हे मी आवर्जून लिहितो, कारण पुढे मी शिकवायला लागलो तेव्हा टीकेच्या पुस्तकांना शिव्या देणारे पुष्कळ भेटले. त्यांतले बहुतेक माझ्यासारखेच होते, पहिलं प्रकरण गाळणारे.

सरांनी ऑक्टोबरपर्यंतच्या दोन महिन्यांत मला रोज एक कविता उतरवून दिली. उत्तर दहा वाक्यांचं, आपल्या शब्दांत. माझी पहिली उत्तरं फार वाईट होती. पाठ केलेली वाक्यं पाण्यातल्या शेवाळासारखी वर येत. सर त्यांवर काट मारत आणि विचारत, "हे कुठल्या ओळीत आहे?" ओळ दाखवता आली नाही की वाक्य गेलं.

ऑक्टोबरच्या पेपरात एका म्हाताऱ्या नावाड्यावर कविता होती. त्याला आता नाव वल्हवता येत नाही, पण दरवर्षी तो ती रंगवतो. मी ती चारदा वाचली. मधल्या दोन ओळी मला कळल्याच नाहीत. दुःखाच्या कवितांचं प्रकरण मला अजूनही तोंडपाठ होतं. ते लिहिलं असतं तर दोन पानं सहज भरली असती आणि त्या दोन ओळी झाकल्या गेल्या असत्या. दादाचं बोलणं डोक्यात होतं.  मी एक पान लिहिलं. काय दिसलं ते लिहिलं, कुठल्या ओळीत दिसलं ते लिहिलं, आणि शेवटी लिहिलं की या दोन ओळी मला समजल्या नाहीत. पेपर दिला आणि बाहेर येऊन कोणाशी बोललो नाही.

निकाल लागला तेव्हा कापणी, चुरणी म्हणजे मळणी, होऊन धान घरात आलं होतं. त्या दिवशी दादा बैलबंडीत पोती घालून गोंदियाच्या राइस मिलवर आला होता आणि मी त्याला पोती उतरवायला मदत करत होतो. मिलच्या मुनीमाकडे वर्तमानपत्र होतं. तो म्हणाला, "अरे, रिजल्ट आया है, देख लो." मी पेपर हातात घेतला, पण मला आकडे दिसेनात. दादानं तो माझ्या हातातून काढून घेतला.

"नंबर सांग."

मी सांगितला. त्यानं पेपर पोत्यावर पसरला आणि बोट ठेवून एकेक आकडा पाहत खाली गेला. चौथीपर्यंतचं वाचन, सवय नाही, ओठ हलत होते. तिसऱ्या श्रेणीच्या यादीत बोट थांबलं. त्यानं तो आकडा दोनदा वाचला.

"हाये," तो म्हणाला.

 त्यानं पेपर घडी करून मुनीमाला परत दिला. बंडीकडे वळला, तसाच पाठमोरा थांबला.

"मंग आता तू वावरात येत नाही," तो म्हणाला. विचारलं नाही, नुसतं म्हणाला.

"नाही, दादा."

त्यानं मान हलवली. बंडीत अजून पाच पोती होती. त्यानं एका पोत्याचं टोक धरलं, दुसरं मी धरलं.